कुकरचं रबर

डोंगरीत, माझ्या चाव्यांच्या खोक्याला लागून
मर्जान सिद्दीचं दुकान: स्टो, कुकर, मिक्सर दुरुस्त.
दुकान कसलं, दोन फळ्या आणि एक खिळा,
खिळ्याला रबरांच्या माळा,
तीन लिटर, पाच लिटर, साडेसात.
बाप गोदीत बॉयलरवर. आजा जहाजाच्या पोटात कोळसा ओढायचा.
त्याच्या मागचं विचारलं की मर्जान
पान्ह्यानं समुद्राची दिशा दाखवतो,
तिकडे आता उड्डाणपूल दिसतो.

घरात एक शब्द तेवढा उरला होता.
रातपाळीहून बाप यायचा, कडी वाजवायचा नाही,
बाहेरूनच म्हणायचा, पाउक्वा.
आतली सहाही पोरं गोधडीतून ओरडायची, पाकावा!
ज्याचा आवाज सगळ्यात मोठा, त्यानं उठून कडी काढायची.
“म्हणजे दार उघड,” मर्जान सांगायचा,
“आमच्या मुलखाच्या भाषेत.”
मुलूख कुठला, ते त्यालाही ठाऊक नव्हतं.
मी कानस चालवत हो म्हणायचो.
माझ्या डब्यातही अशा पुष्कळ चाव्या आहेत,
कुलपं हरवलेल्या. टाकवत नाहीत.

मंगळवारी एक बाई आली.
अंगावर काजूच्या नक्षीचं कापड, काठाला छापलेली एक ओळ,
कडेवर भाची, बोटाला नऊ-दहा वर्षांचा मुलगा,
दोन महिने हॉस्पिटलात राहून हिंदी उचललेला.
आम्ही टांगाचे, तो म्हणाला, ही म्वानाईशा मावशी,
धर्मशाळेत कुकर शिट्टी देत नाही.
मर्जान झाकण घेऊन माप बघत होता
तेवढ्यात कडेवरच्या पोरीचा ओठ थरथरला.
“हिनं रडायचं नाहीये,” मुलगा घाईनं म्हणाला,
“रडली की निळी पडते.”

आणि बाई म्हणाली, पाउक्वा!

मुलानं तोंड उघडायच्या आत
फळीखालून, स्क्रू शोधता शोधता,
साठीच्या माणसाच्या गळ्यातून सहा पोरं ओरडली,
पाकावा!

समोरचा अत्तरवाला सुद्धा बाहेर आला.

ती बसली मग, रॉकेलच्या पालथ्या डब्यावर.
झाकण उचललं: कासव.
दोन बोटं: ससा.
पाच लिटरचं रबर जमिनीवर ठेवलं, ते तळं झालं,
आणि मला न विचारता माझा जुडगा ओढून घेतला,
दात किती त्याला! मगर.
बोली एक अक्षर कळत नव्हती.
पण सशानं थाप मारली ते कळलं,
कासवाला ती आधीच माहीत होती हेही,
आणि मगर हसली तेव्हा माझ्याच चाव्या
मला पहिल्यांदा भ्यायला लावत्या झाल्या.
ती मधेच थांबायची, भुवया उचलायची,
मर्जान म्हणायचा, हां.
पुढच्या खेपेला मीच म्हणालो, हुं.
आत्या सांगायची आमची, पोयनाडला,
हुं थांबलं की गोष्ट थांबते,
राजा एक पाय रिकिबीत ठेवून रात्रभर तसाच उभा.

पोर झोपली, कासवावर हात ठेवून.

“विचार तिला,” मर्जान मुलाला म्हणाला,
“त्याचा अर्थ काय?”
मुलानं विचारलं. बाई खूप हसली.
“म्हणते, अर्थ काही नाही.
गोष्ट आली की आधी विचारायचं,
आत कुणी जागं आहे का.”
मर्जाननं पान्हा पुसला. पुन्हा पुसला.
“मग बापानं बरोबरच सांगितलं होतं,” म्हणाला.

पैसे घ्यायचे राहिले.
ऑपरेशन शनिवारी आहे, एवढं जाता जाता मुलानं सांगितलं.
संध्याकाळी माळा मोजताना लक्षात आलं,
पाचचं तळं जमिनीवरच पडलेलं,
तिच्या पिशवीत साडेसातचं गेलंय.
“येईल की बदलायला,” मी म्हणालो.
त्यानं फळ्या लावल्या,
आणि कुलूप हातात घेऊन
बराच वेळ नुसता उभा राहिला.