रिकाम्या गाडीचा आकडा

माहितीपत्रकात छापलं होतं, ग्राउंड क्लिअरन्स एकशे नव्वद.
मिलिमीटर.
शोरूममधल्या टाय लावलेल्या पोराने
हवेत पंजा आडवा धरला: एवढं, मॅडम,
चेंबूरचा कुठलाही खड्डा गिळते ही.
मी मनातल्या मनात इंच केले. साडेसात.
सासूबाई म्हणाल्या, म्हणजे ब्लाउजची बाही.
त्यांचं आयुष्य इंचातच गेलेलं,
घाटल्याच्या खोलीत, शिवणयंत्राच्या पायट्यावर.

आमच्या गेटाशी एक गतिरोधक आहे.
सेक्रेटरी वाघधरेंनी एका रात्रीत घालून घेतला,
उरलेल्या सिमेंटचा, मापाबिपाशिवाय,
पालथं पातेलं रस्त्यात विसरल्यासारखा.

पहिला आठवडा काही झालं नाही.
कामावर जाताना मी एकटी, मागच्या सीटवर डबा.
गाडी वरून अलगद जायची.
रविवारी सगळे बसले.
पुढे शशांक, मागे निनाद, सई, मध्ये सासूबाई,
डिकीत दहा किलो तांदूळ आणि मामंजींच्या मित्राने दिलेले दोन फणस,
आणि गेटाशी, बुडाखालून,
करपलेली खीर उलथन्याने खरवडावी तसा आवाज.
कोणी बोललं नाही.
सासूबाईंनी अंग चोरून घेतलं,
जणू त्याने वजन कमी होतं.

कालिन्याच्या बावतीसने गाडी वर उचलली.
वीतभर ओरखडा. तेल गळत नव्हतं.
"तो आकडा रिकाम्या गाडीचा असतो, ताई.
माणसं बसली की स्प्रिंगा दबतात, इंचभर जातंच.
आणि नुसती उंची काय धरून बसता?
पुढच्या चाकापासून मागचं चाक किती लांब ते बघा.
चाकं वाचतात, पोट टेकतं.
उंचवटा तिरका घ्या. एकेक चाक. सावकाश."

आमचं गेट अरुंद. तिरकं व्हायला जागा नाही.
मग मी नियम काढला:
गेटाशी थांबायचं, मागच्यांनी उतरायचं,
चालत पलीकडे, पुन्हा बसायचं.
मुलांना खेळच झाला.
वॉचमन वऱ्हाड आल्यासारखा बाजूला व्हायचा.
सासूबाईंचा आधी एक पाय,
मग दाराला धरून दुसरा,
मग निऱ्या.
मी तेवढा वेळ आरशात बघायचे नाही,
एसीचं बटण फिरवत राहायचे.

एका गुरुवारी डॉक्टरांकडून दोघीच परतत होतो.
डिकी रिकामी. गाडी सहज गेली असती.
मी सांगायच्या आत त्यांनी दार उघडलं,
एक्स-रेचा लिफाफा छातीशी धरून उतरल्या,
पलीकडे जाऊन उभ्या राहिल्या.
"माझ्यानेच टेकते ना."
विचारलं नाही. गिऱ्हाइकाला कंबर सांगावी तसं सांगितलं.

त्या रात्री मला बावतीसचा राग आला,
मग वाघधरेंचा, मग त्या टायवाल्याचा,
आणि शेवटी झोप आलीच नाही.

रविवारी गेटाशी सगळ्यांचे हात सवयीने दारांकडे गेले.
बसा, मी म्हटलं.
"अगं, पण..."
बसा.
पहिला गियर, अर्धा क्लच.
पुढची चाकं चढली, उतरली,
मग तो आवाज, लांबलचक, पुढून मागेपर्यंत.
आई, टेकली! निनाद ओरडला.
टेकू दे.

गाडी जागेवर लावली तर सासूबाई उतरेनात.
पिशवीतून पिवळी टेप काढली,
कडा झिजलेली, पहिला इंच पुसट,
आणि काचेतून बाहेर धरली.
"मी बसलेय तोवर माप घे."

पार्किंगच्या फरशीवर आडवी झाले.
गाडीखाली कुणाचा तरी हरवलेला रबरी चेंडू,
ऊन ऊन वास, आणि वर
सगळ्यांचं वजन.
साडेसहा, मी खालून ओरडले.

वरून त्यांचा आवाज आला,
"मग ठीक आहे.
शिवणीत इंचभर जातंच."