दहा दिवस

डेनिझलीच्या कोर्टाने लिहून दिलं:
हाजेरला काढणं बेकायदा, परत घ्या.
अकरा महिने लागले या एका ओळीला.

दहा दिवसांत अर्ज करायचा असतो.
ती नवव्या दिवशी नोटरीकडे गेली.
आठ दिवस नुसती बघत होती
मागांचा तो खडखडाट
अजून झोपेत येतो का.

फाटक उघडलं नाही. पैसे आले,
पाच महिन्यांचा पगार:
परत न घेण्याची किंमत.
कायद्यात तेही बसतं, वकीलबाई म्हणाल्या,
चहातली साखर न ढवळताच.

गॅसचं बिल. धाकट्याचे बूट.
मग बाजारात तिने
एक टॉवेल उचलला, काठ उलटून पाहिला,
वीण एके ठिकाणी सुटलेली.

दुकानदाराला म्हणाली,
हा मी गेल्यानंतरचा.