डोंगरातली खिडकी

मनामा. शुक्रवार, रात्रीचे दहा.
बाहेर धुळीचं वारं, काचेवर पिवळट साय.
मी आणि बस्त्यावनं निम्मे-निम्मे दिनार घालून घेतलेला
पासष्ट इंची टीव्ही,
कडेचं प्लास्टिक अजून काढवत नाही.

सिनेमा आमच्या जन्माआधीचा, काळा-पांढरा,
कुणीतरी धुऊन-पुसून लख्ख केलेला.
जत्रेच्या तंबूत पाहिला तेव्हा
नायिकेवर ओरखड्यांचा पाऊस पडत होता
आणि वाऱ्यानं पडदा फुगला
की मागचा डोंगर श्वास घ्यायचा.

आज डोंगर श्वास घेत नाही.
कापडाचा आहे, दिसतंच.
दोन ताग्यांमधली शिवण
चंद्राच्या पोटावरून गेलीय.
नायकाच्या मिशीखालचा डिंकसुद्धा दिसतो.
बस्त्याव हसतो, "एवढे पैसे घातले ते डिंक बघायला!"

मी फटकारे बघतोय.
सगळे उजवीकडून डावीकडे उतरलेले.

आमचा बाप डावखुरा.
कोल्हापुरात स्टुडिओत रोजंदारीवर पडदे रंगवायचा
आणि प्यायला की सांगायचा,
"त्यो डोंगर माझा हाय.
त्यात एक खिडकी ठेवलीया, दिवा लावल्याली,
तुज्या आईसाठनं."
आई तव्यावरची भाकरी उलथत म्हणायची,
"हितं चिमणीत रॉकेल न्हाई."
पण तंबूत मी तिच्या मांडीवर होतो,
डोंगर आला तेव्हा
तिची मान पुढं गेलेली मला कळली.

थांबवतो.
डोंगराच्या कमरेला
मोहरीएवढा पांढरा ठिपका.

"स्क्रीन गेली," बस्त्याव म्हणतो, "बिल ठेवलंयस ना?"
बोट ओलं करून पुसतो. जात नाही.
मग एकेक चित्र पुढं सरकवत नेतो.
नायिका चालते, कॅमेरा तिच्यामागं वळतो,
डोंगर सरकतो,
आणि ठिपका
डोंगराबरोबर जातो.

गावी साडेबारा झाले असतील.
मोतीबिंदू काढल्यापासून आई लवकर झोपते,
उशाशी काळा चष्मा.
तरी फोन टीव्हीसमोर धरून बघतो, तिला कसं दिसेल ते.
फोनात डोंगर नाही, खिडकी नाही,
नुसत्या पट्ट्या हलतात.

जवळ धरतो. लांब धरतो.
पट्ट्याच.

"लाव की पुढं," बस्त्याव म्हणतो,
"ती बाई मघापासून
तोंड उघडं टाकून उभी आहे."