दार बंद, चिकटवले

प्रकरण दोनशे अकरा, पान नऊ.
माझ्याच अक्षरात एक ओळ आहे तिथं :
पत्त्यावर गेलो. दार बंद. दोन पंचांसमक्ष
समन्स दारास चिकटवले.
खाली लांबट सही, बसवराज हत्तुरे, बेलिफ.

अठ्ठावीस वर्षं लिहिली ही ओळ.
पेन नुसतं कागदावर टेकवायचो,
पुढचं पेनच लिहायचं.

त्या दिवशी मे महिना होता, चव्वेचाळीस अंश.
सायकलच्या सीटला हात लावला
आणि मागं घेतला.
अशोक चौकाच्या पलीकडं यंत्रमागाच्या गल्ल्या,
तिथं पत्ता विचारावा तर
सांगणाऱ्याचे नुसते ओठ हलताना दिसतात.
मी गेलो नाही.
सात रस्त्याला रसवंतीत बसलो,
बर्फ जास्त टाक म्हणालो,
आणि फायलीवरचा ग्लास सरकवून
ओळ लिहिली.
पंच एक, रसवाला.
पंच दोन, त्याचा मेव्हणा.

त्या ओळीवर तारखा चालल्या,
पुकारा झाला तीनदा, राजेशम गड्डम हाजिर आहे का,
जिन्यातलं कबुतर उडालं फक्त.
मग एकतर्फी आदेश :
पत्नी नागमणी हिला दरमहा चार हजार,
मुलीला दीड.

नागमणी दुसऱ्या दिवशी आली,
वर्तमानपत्रात बांधलेली शेंगाचटणी घेऊन.
"अण्णा, तुमच्यामुळं झालं."
बोटांना तिच्या तंबाखूचा वास,
दिवसाला हजार विड्या वळणारी बोटं.
मी घेतली चटणी.
कडक भाकरीबरोबर चार दिवस पुरली.
चांगली होती, हेही सांगायला हवं.

वीस महिन्यांनी राजेशम उगवला भिवंडीहून,
थकबाकीचं वॉरंट निघालं तेव्हा.
अर्ज : समन्स मिळालेच नाही,
विलंब माफ व्हावा, आदेश रद्द व्हावा.
खोटं बोलत नव्हता तो.
खरंही बोलत नव्हता.
प्रत्येक तारीख त्याची मावशी त्याला फोनवर कळवायची,
सगळ्या गल्लीला माहीत होतं.
पण गल्ली कुठं येते साक्षीला.
साक्षीला मी.

वकील तरुण होता, आवाज मऊ.
"हत्तुरे, दाराचा रंग कोणता होता?"
निळा, म्हणालो.
त्या भागात निळी दारंच जास्त.
त्यानं एक फोटो पुढं सरकवला.
कारखान्याची शेड. शेडला दार नव्हतंच.
पोत्याचा पडदा होता,
युरियाच्या दोन गोण्या उसवून शिवलेला.
"पडद्याला कागद चिकटतो का, हत्तुरे?"

टायपिस्टची बोटं थांबली.
पंखा मात्र फिरत राहिला.

आदेश रद्द.
दहा हजार भरावेत, प्रकरण नव्यानं चालावं.
बाहेर व्हरांड्यात नागमणीनं
तिच्या वकीलबाईंना एवढंच विचारलं,
"म्हणजे परत पहिल्यापासनं?"
आणि बोटांवर काहीतरी मोजू लागली,
कट्ट्यात विड्या मोजतात तशी, ओठ मिटून.
माझ्याकडं तिनं बघितलं नाही.
बघितलं असतं तर बरं झालं असतं
असं मला अजून वाटतं.

माझी चौकशी झाली. एक वेतनवाढ रोखली,
महिना सातशे वीस रुपये.
ते तिला मिळाले नाहीत,
मलाही नाहीत.

निवृत्तीच्या आदल्या रविवारी
मी त्या पत्त्यावर गेलो. सायकलनं.
खिशात डिंकाची बाटली होती, कशाला कोण जाणे.
आत माग चालू होते,
टॉवेल निघत होते, गुलाबी काठाचे.
एका पोरानं एका हातानं पोतं वर उचललं,
कोण पाहिजे, असे त्याचे ओठ हलले.
मी सांगितलं.
त्याला ऐकू गेलं नाही.