पेन्सिलीतल्या खुणा

पायसांदूच्या जुन्या थिएटरात आता टायर विकतात.
पियानो काढायचा होता. मी सूर लावणारा,
आधी पोट उघडून बघतो.
आत उंदराचं घरटं, केसांची एक पिन
आणि वहीची अकरा पानं.

अक्षर एर्मिनिया एचेगोयेनचं.
पडद्याखाली बसून, मान वर करून वाजवायची ती,
म्हणून ओळी तिरक्या:

दार. हळू.
पत्र वाचते. वाचू द्यावं.
कुत्रा. इथे लोक हसतात, चार मात्रा थांबणे.
नदी, बराच वेळ.
तो येत नाही.

सिनेमाचं नाव कुठेच नाही.
तिला माहीत होतं, लिहील कशाला?
रिळं म्हणे कंगवेवाल्यानं नेली, वजनावर.
म्हणजे ते पत्र, ते दार, तो न आलेला
इथल्याच बायकांच्या केसांतून फिरले असणार
दात मोडेपर्यंत.

तारा ताणल्या. “वाजतो का?” ओक्ताव्हियोनं विचारलं,
त्याला गिऱ्हाईक यायचं होतं.
वाजवलं. दार. हळू.
कुत्र्यापाशी चार मात्रा थांबलो.
कुणी हसलं नाही,
फक्त हवा भरणारा पोरगा
नळी हातात धरून तसाच उभा,
आणि नळी आपली फुसफुसतेय.

नदी त्यानं पुरती ऐकली.
मग म्हणाला, “पुढे?”

अकराव्या पानावर एवढंच आहे:
शेवट. काल चुकून आनंदी वाजवला.
लोक जास्तच रडले.
असाच ठेवावा.

खाली सूर लिहिलेले नाहीत.