तिथी नसलेले दिवस

जालन्यात रिंक नाही.
आहे ते भाग्योदय मंगल कार्यालय,
नव्वद बाय साठचा हॉल, खाली मोझॅक,
आणि व्यवस्थापक मिसाळ,
ज्यांच्या टेबलावरच्या पंचांगात
मी लाल पेन्सिलनं खुणा करते
जिथं जिथं मुहूर्त नाही.

गावाचा चातुर्मास तो माझा सीझन.
देव झोपले की आमची चाकं जागी होतात.
एरवी मिळतील ते सुटे दिवस,
एखादी अमावस्या, अख्खा पौष.
शुक्राचा अस्त मला फार आवडतो.

लग्नाच्या दुसऱ्या दिवशी आधी स्केट्स नाहीत.
आधी गुडघ्यांवर.
लेकरं फरशीवरून तळवे फिरवत जातात
स्टेजपासून भटारखान्याच्या दारापर्यंत
आणि अक्षता वेचतात,
पिवळ्या, गुलाबी, काही चुरडलेल्या.
एक दाणा पुरतो.
पुढच्या चाकाखाली आला
तर गिरकीतलं माणूस थेट खांबावर.
"मॅडम, झाडूनं निघतंय की!" रुद्राणी म्हणते.
निघत नाही.
झाडू खोटं बोलतो, तळवा नाही बोलत.

अकरा वर्षं मी एका माणसाच्या डोक्याच्या वर होते.
सुरेंद्र रत्नपारखी.
त्याचा एक हात माझ्या कमरेला, एक हवेत,
आणि खाली आठ चाकं.
लोक काय म्हणतील, असं घरात रोज निघायचं.
लोक म्हणालेच.
आईनं मग फ्रॉकला आतून अस्तर लावलं,
दर स्पर्धेला आणखी एक,
शेवटी शेवटी तो गोधडीएवढा झाला.
"वजन वाढलं का तुझं?" सुरेंद्र धापा टाकत विचारायचा.
माझं नाही. आईची काळजी वाढली.

विशाखापट्टणमला तिसरा नंबर दिसत होता.
दोन मिनिटं दहा सेकंदांवर उचल.
घाम त्याचा होता की माझा, कोण जाणे.
गळपट्टीचं हाड मोडलं त्याचा आवाज
मला ऐकूच आला नाही,
कारण संगीत कुणी बंद केलं नव्हतं.
मी खाली, गालाला गार फरशी,
आणि तो मधोमध, हात तसाच वर,
मी अजून तिथं असल्यासारखा,
धून संपेपर्यंत.

आता त्याचं दुकान आहे नव्या मोंढ्यात,
नट, बोल्ट, पाइप, बेअरिंग.
पोट सुटलंय. चष्मा आलाय.
एका जोडीला सोळा बेअरिंग लागतात,
तो अठरा देतो.
प्रत्येक बेअरिंग कानाशी धरून बोटानं फिरवतो,
ऐकतो,
एखादं बाजूला ठेवतो, का ते सांगत नाही.
त्या दिवसाबद्दल आम्ही बोललो नाही.
एकदाच, पुडी बांधता बांधता, वर न बघता,
"पावसाळ्यात दुखतं का गं?"
म्हटलं, थंडीत.

हल्ली काढीव मुहूर्त निघालेत.
काल मिसाळ म्हणाले, मॅडम, ऐन भाद्रपदात एक पार्टी आलीय,
पोराला रजा नाही पुढं,
पाचपर्यंत हॉल सोडा.
मी पंचांगातली लाल खूण खोडली.
खोडताना कागद फाटला थोडा.

साडेचारला फैजानची मनगटं थरथरत होती.
त्याला म्हटलं, तिला उचलायचं नाही तुला,
ती स्वतःला उचलते. तू फक्त तिथं राहा.
रुद्राणीला म्हटलं, पोट घट्ट, श्वास अर्धा,
आणि खाली बघायचं नाही.
"काहून?"
खाली तो आहे म्हणून.

मी दोघांच्या बाजूनं उलटी सरकत होते,
हात पसरून, त्याला न लावता.
दारातून मंडपवाले आत येत होते,
पहिल्या पोराच्या डोक्यावर सहा खुर्च्या.
तेवढ्यात ती वर गेली.

मी मोजलं. एक. दोन.
तीन. चार.

मंडपवाला पोरगा जिथल्या तिथं थांबला होता,
मान ताठ, दोन्ही हात वर.
रुद्राणीची चाकं फरशीला लागली
तेव्हाच त्यानं खुर्च्या खाली ठेवल्या.