रकाना

अँब्रुआझ फायोलच्या चित्रांशेजारी लावायची पाटी
माझ्याकडे आली आहे, पोस्टकार्डाएवढी.
जन्म: सेंत-एतिएन. मृत्यू: तिथेच.
व्यवसाय: आणि त्यापुढे बोटभर जागा.

सोळाव्या वर्षी खाणकामगारांच्या नाचाला ॲकॉर्डियन.
भाता उघडला की पहिल्या सुराआधी
कोळशाची पूड बाहेर यायची म्हणे, दर शनिवारी.
मग लिआँच्या एका तळघरात डबल बास,
उंची कमी, म्हणून पायाखाली लिंबांचं खोकं.
मग बोट सुजलं.
तीन महिने दुसऱ्यांच्या तबकड्यांची वेष्टनं रंगवली;
तबकड्या कुणी ऐकल्या नाहीत,
वेष्टनं लोकांनी स्वयंपाकघरात टांगली.
मग बाहुल्यांना चेहरे, बाहुल्यांच्या खेळाला संगीत,
आणि खेळातल्या कोल्ह्याचा खोकलाही त्याचाच.
एक हिवाळा सर्कशीत तुतारी.
लिनोलियम कोरताना अंगठ्याला सात टाके.

क्लोतिल्दमावशी म्हणायची,
एक ना धड, भाराभर चिंध्या.
त्या घरात चिंध्या म्हणजे खरोखरच्या चिंध्या.
बाप फिती विणायचा, टोप्यांच्या, शवपेट्यांच्या,
मागाखाली बोट-दोन बोटं रुंदीचे तुकडे साचायचे
आणि पोरगा त्यांत झोपायचा.

बाप गेला. माळ्यावर सापडली
मागाला नक्षी सांगणारी पुठ्ठ्यांची माळ,
भोकंच भोकं, सुतळीत ओवलेली.
अँब्रुआझनं एक पुठ्ठा खिडकीशी धरला
आणि बराच वेळ खाली ठेवला नाही.
पुढच्याच आठवड्यात तिएरच्या जुन्या बाजारातून
रस्त्यावर वाजवायची पेटी आणली, हँडल फिरवायची.
तीही पुठ्ठ्यावरची भोकंच वाचते.
मापं जुळेनात.
दोन हिवाळे बसून त्यानं एकेक भोक
नव्या मापात पुन्हा कापलं.

विणकरशाळेच्या हॉलमध्ये बावीस माणसं आणि एक कुत्रा.
त्यानं हँडल फिरवलं
आणि बापाची लिली वाजू लागली.
देठ खालच्या सुरात, सरळ, जरा कंटाळवाणा.
पानं आली, गेली.
पाकळी उमलता उमलता एक सूर
कुणीच बोलावलेला नसताना मध्ये उभा राहिला.

त्या सुरासाठी तो वेडा झाला होता.
सहा चित्रांत, वरच्या डाव्या कोपऱ्यात,
जो पिवळा ठिपका आहे तो तोच.
समीक्षकांनी त्याला सूर्य म्हटलं, एकानं ईश्वर.

तिसऱ्या रांगेतून जर्मेन व्हियाल उठली, एक्याण्णव वर्षांची,
चाळीस वर्षं तिचा माग त्याच्या बापाच्या शेजारी.
"थांब. चौदाव्या पुठ्ठ्यात भोक चुकलंय.
तिथे पाकळीला गाठ येते.
मालकानं दोन फ्रँक कापले होते तुझ्या बापाचे."

हॉलमध्ये फक्त कुत्र्याचं खाजवणं.
अँब्रुआझ हसला, मग पेटीवर डोकं टेकून
हसतच राहिला, निदान आम्हाला तसं वाटलं.

दुसऱ्या दिवशी पुन्हा कार्यक्रम.
भोक त्यानं बुजवलं नव्हतं.
चौदावा पुठ्ठा आला तेव्हा हँडल क्षणभर थांबलं,
तो हळूच म्हणाला, "दोन फ्रँक,"
आणि सूर सोडून दिला.

उद्घाटन साडेसहाला.
मावशीची नात फोनवर:
संगीतकारच लिहिलंत ना? चित्रं काय, फावल्या वेळची.
सकाळी गॅलरीवाल्यानं नेमकं उलटं सांगितलं होतं.
मी दोघांनाही हो म्हटलं आहे.

पेनचं टोपण काढून बसलोय.
बोटभर जागा.
ते सुजलेलं बोट धरलं
तर थोडं जास्त मावेल.